गिरणीचा नफा भुशात कसा जातो

गोव्यात नवी लाकूडगिरणी काढणं आता सोपं राहिलेलं नाही. जंगलांच्या संरक्षणाबद्दलच्या गोदावर्मन खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने 12 डिसेंबर 1996 रोजी केंद्राच्या पूर्वपरवानगीशिवाय जंगलात गिरणी चालवायला मनाई केली. ऑक्टोबर 2002 मध्ये आणखी एक आदेश आला: न्यायालयाच्या केंद्रीय अधिकारप्राप्त समितीला विचारल्याशिवाय कुठल्याही राज्याने नवी गिरणी उघडू द्यायची नाही. 2016 साली केंद्राने लाकूड उद्योगांसाठी मार्गदर्शक सूत्रं काढली आणि ही तपासणी राज्यस्तरीय समित्यांकडे गेली. त्यामुळे या धंद्यात उतरणारा माणूस बहुतेक वेळा कुणाची तरी जुनी, परवाना असलेली गिरणी विकत किंवा चालवायला घेतो. हे टिपण त्याच्यासाठी आहे. स्वतःच्या कुळागरातला (बागायतीतला) फणस कापायला नेणाऱ्या भाटकाराने, म्हणजे जमीनमालकाने, मापाचा आणि लाकडांचा भाग वाचला तरी पुरेल.

घेण्याआधी

आधी परवाना, मग यंत्र. परवान्यावर किती यंत्रं, कुठल्या प्रकारची, चाकाचा व्यास किती, मोटर किती अश्वशक्तीची हे लिहिलेलं असतं ते वाचा आणि शेडमध्ये जाऊन टेप लावा. कागदावर 36 इंची एक बँडसॉ (दोन चाकांवर फिरणाऱ्या दातेरी पट्ट्याची करवत) आणि शेडमध्ये त्याशिवाय कोपऱ्यात झाकलेली एक गोल करवत, असा प्रकार जुन्या गिरणीत सहज सापडतो. ती करवत उद्या तुमच्या नावावर धरली जाईल. परवाना ज्याच्या नावावर आहे तो माणूस हयात आहे का, वारसांत वाटणी झाली आहे का, नूतनीकरण चालू वर्षापर्यंत आहे का, हे बघा. हस्तांतर वनखात्याने लेखी मान्य करेपर्यंत पूर्ण रक्कम देऊन टाकू नका. पंचायतीचा परवाना, वीजजोडणीवरचा मंजूर भार आणि प्रदूषण नियंत्रण मंडळाची संमती हे तीन कागद त्याच फायलीत हवेत.

मग आवक-जावक वही. आलेला प्रत्येक ओंडका कुठून आला, कुठल्या पासावर आला, किती घनफूट होता आणि त्यातून काय निघालं, हे तीत असायला हवं. खाजगी जमिनीतलं झाड असेल तर 1984 च्या गोवा, दमण आणि दीव वृक्ष संरक्षण कायद्याखाली वृक्ष अधिकाऱ्याची तोडपरवानगी लागते आणि लाकूड हलवायला वाहतूक पास. कर्नाटकातला सागवान दांडेली, यल्लापूर भागातल्या वनखात्याच्या आगारांतून लिलावात घेतला जातो आणि अनमोड घाटाने खाली येतो. मोलेच्या नाक्यावर पास आणि ओंडक्यांवरचे वनखात्याच्या हातोडीचे शिक्के जुळवून पाहतात. शिक्का असलेलं तोंड कापून टाकू नका. ओंडका कापायला घेईपर्यंत ते तोंड शाबूत राहिलं पाहिजे. पाऊस आहे, रात्र आहे, ओळखीचा आहे म्हणून बिनपासाचा एखादा ओंडका आत घेतला, तर धोक्यात येतो तो परवाना, आणि तो गेला की शेड, यंत्र, मोटर यांना भंगाराची किंमत.

माप

आपल्याकडे ओंडका पाव घेराच्या मापाने मोजतात. मध्यावर घेर घ्यायचा, त्याचा चौथा भाग करायचा, त्याचा वर्ग करायचा आणि लांबीने गुणायचं. घेर इंचात आणि लांबी फुटात असेल तर शेवटी 144 ने भागायचं. फणसाचा ओंडका, मध्यावर घेर 60 इंच, लांबी 12 फूट: पाव घेर 15, वर्ग 225, गुणिले 12, भागिले 144, म्हणजे 18.75 घनफूट.

या मापात गंमत आहे. तोच ओंडका खराखुरा गोल धरून मोजला तर 23.87 घनफूट भरतो. पाव घेराचं माप नेहमी खऱ्या घनफळाच्या साधारण साडेअठ्ठ्याहत्तर टक्केच दाखवतं; उरलेलं फाळक्यात (कडेच्या गोलसर तुकड्यांत) आणि भुशात जाणार हे त्यात आधीच धरलेलं असतं. ओंडक्यातून जेवढा कापीव माल निघतो तो उतारा. म्हणून कुणी "आमच्याकडे 70 टक्के उतारा" म्हटलं की विचारायचं, कशाच्या 70 टक्के? पाव घेराच्या मापावर 70 टक्के म्हणजे खऱ्या घनफळावर 55. दोन्ही आकडे खरे, पण एकमेकांशेजारी ठेवता येत नाहीत. आयात लाकडाच्या व्यवहारात हीच गडबड जास्त महाग पडते: या मापाचा एक हॉप्पस टन म्हणजे 50 घनफूट, आणि खरं लाकूड सुमारे 1.8 घनमीटर. एक घनमीटर म्हणजे 35.315 घनफूट. सौद्यात "घनमीटर" शब्द आला की कोणत्या पद्धतीचा हे आधी लिहून घ्या.

साल वगळून मोजा. वरच्या फणसाची साल अर्धा इंच जाड असेल तर घेर तीन इंचांहून थोडा जास्तच कमी होतो. 57 धरला तर माप 16.92 घनफूट येतं. पावणेदोन घनफुटांहून अधिक निव्वळ साल, दहा टक्के. खरेदी सालीसकट आणि विक्री फळीच्या मापाने, असं वर्षभर करणारे लोक आहेत, आणि नंतर दोष बाजारभावाला देतात.

पोकळ, सडकं, फुटलेलं तोंड असेल तर तेवढी लांबी मापातून सोडून द्यायची. चाळीस-पन्नास वर्षांचे मोठे फणस आणि आंबे बुंध्यात पोकळ निघायचा संभव मोठा. कुऱ्हाडीच्या पाठीने ठोकून आवाज ऐका, तोंडावरची काळी रेष किती खोल जाते ते पातळ सळई घालून पाहा.

कापीव मालाचं माप सोपं: जाडी इंच, रुंदी इंच, लांबी फूट, गुणाकार भागिले 144. पाच बाय तीनचा सात फुटी चौकटीचा तुकडा 0.73 घनफूट.

आडवा काप, जो सगळे घाईत मारतात

ओंडका करवतीकडे नेणाऱ्या ट्रॉलीवर चढण्याआधीच अर्धा हिशेब ठरून गेलेला असतो. वाकलेला 12 फुटी ओंडका, मध्ये दोन इंचांची बाक. तो तसाच सरळ कापायला घेतला तर दोन्ही बाजूंनी दोन दोन इंच लाकूड फाळक्यात जातं. मधोमध तोडून सहा-सहा फुटांचे दोन केले तर प्रत्येकात बाक उरते फक्त अर्धा इंच, कारण बाक लांबीच्या वर्गाच्या प्रमाणात कमी होते. म्हणून आधी गिऱ्हाइकाला काय हवंय ते विचारा. दाराची चौकट सात फूट, खिडकीची चार-साडेचार, छपराच्या रिपा तुकड्यातुकड्यांत चालतात. त्या लांबीत चार-सहा इंच जादा ठेवून तोडा, कारण वाळताना तोंडं फाटतात. सरळ 14 फुटांचा ओंडका मात्र उगाच तोडू नका. वाशाचा भाव चौकटीच्या तुकड्यापेक्षा चांगला येतो आणि लांब सरळ लाकूड दुर्मिळ आहे.

घराजवळच्या झाडात लोखंड असतं. कपडे वाळत घालायची तार, कुंपणाचा खिळा, गाय बांधायचा कोयंडा, माडावर ठोकलेली नंबराची पाटी. झाड दरवर्षी जाड होतं आणि खिळा आत गिळतं. वरून फक्त निळसर काळा डाग दिसतो. बांधकामवाल्यांकडचा हातातला धातुशोधक काही हजारांत येतो. तो एका पट्ट्याच्या किमतीत वसूल होतो. जमिनीपासून छातीपर्यंतचा भाग दोनदा फिरवून बघा.

आणि धुवा. इथली लाल जांभ्याची माती सालीत घट्ट बसते आणि तीत बारीक खडी असते. चिऱ्याच्या खाणीजवळून ओढत आणलेला ओंडका न धुता कापला तर चार तास चालणारा पट्टा तासाभरात बोथट होतो. पाण्याचा पाइप आणि जुना खराटा, एवढंच लागतं.

पट्टा

गिरणीत सगळ्यात जास्त लक्ष द्यायची वस्तू हीच. त्यामुळे इथे थोडं सावकाश.

चीर म्हणजे कापताना भुसा होऊन जाणारी रुंदी. गोल करवतीची चीर चार ते सहा मिलिमीटर, बँडसॉच्या चांगल्या पट्ट्याची दोनच्या आसपास. फरक कागदावर क्षुल्लक वाटतो. 300 मिलिमीटर जाड चौरस घ्या आणि त्यातून 25 मिलिमीटरच्या फळ्या काढा. दोन मिलिमीटरची चीर असेल तर 11 फळ्या निघतात. पाचची असेल तर 10. आता समजा यंत्र बँडसॉचंच आहे, पण पट्टा लहरतो आणि फळी एका टोकाला 25, दुसऱ्या टोकाला 23 निघते. मिस्त्री काय करतो? गिऱ्हाईक परत येऊ नये म्हणून 27 वर लावतो. पुन्हा 10 फळ्या. बँडसॉचे पैसे भरले आणि उतारा गोल करवतीचा मिळाला.

पट्ट्याची जाडी चाकाच्या व्यासाच्या हजाराव्या भागाइतकी असावी, हा जुना नियम अजून खरा आहे. 36 इंची चाक म्हणजे 914 मिलिमीटर, त्यावर 0.9 मिलिमीटरचा, म्हणजे 20 गेजचा पट्टा. 48 इंची चाकावर 18 गेज, सुमारे 1.24 मिलिमीटर. लहान चाकावर जाड पट्टा चढवला तर तो प्रत्येक फेरीला जास्त वाकतो आणि दातांच्या मुळाशी तडे जातात. 36 इंची चाक मिनिटाला 700 फेऱ्यांनी फिरलं तर पट्ट्याचा वेग सेकंदाला साडेतेहतीस मीटरच्या आसपास येतो. आपल्या कठीण लाकडांना एवढा बरोबर आहे.

दात दोन्ही बाजूंना आलटून पालटून फाकवतात, त्याला सेट म्हणतात. एका बाजूला 0.3 ते 0.4 मिलिमीटर वाळक्या सागवानाला पुरे. ओल्या आंब्याला, ताज्या माडाला 0.5 पर्यंत न्यावा लागतो, कारण ओलं लाकूड चिरेत फुगून पट्ट्याला घासतं. सेट डायल गेजने मोजा. डोळ्यांनी सेट करणारे मिस्त्री आहेत, आणि त्यांच्यापैकी काही खरंच अचूक आहेत, पण एका बाजूला 0.4 आणि दुसरीला 0.3 झालं की पट्टा जास्त सेटच्या बाजूला ओढला जातो आणि फळी धनुष्यासारखी कापली जाते.

धार लावताना घासणीचा दगड हलका फिरवा. एका झटक्यात जास्त काढलं की दाताचं टोक निळं पडतं. ते निळं टोक काचेसारखं कडक आणि ठिसूळ होतं, पुढच्या गाठीवर तुटतं. दोन दातांमधली खोबण गोलच हवी. तिथे कोपरा राहिला की तडा तिथूनच सुरू होतो. चालू पट्टा दोन ते चार तासांनी उतरवायचा, कापायचा थांबला की मग नव्हे. बोथट पट्टा जास्त ताण मागतो, तापतो, लांबतो आणि मग लहरायला लागतो. उतरवलेला पट्टा लगेच पुन्हा चढवू नका. किमान तीन पट्टे फिरते ठेवा, एक चालू, एक धार लावून तयार, एक विश्रांतीत. संध्याकाळी यंत्र बंद करताना वरच्या चाकाचा ताण सैल करायचा. रात्रभर ताणलेला पट्टा थंड होऊन आकसतो, सांधा सुटतो किंवा चाकाच्या बेअरिंगवर भार राहतो.

तडा अर्ध्या इंचाच्या आत असेल तर त्याच्या टोकाला पंचने ठोकून थांबवता येतो. त्याहून मोठा असेल तर तेवढा भाग कापून चांदीच्या सोल्डरने पुन्हा सांधा करायचा. सांध्याची जाडी बाकीच्या पट्ट्याएवढी घासून सारखी करा, नाहीतर प्रत्येक फेरीला पट्टा सरळ धरणाऱ्या गाइडवर टक असा आवाज येतो आणि फळीवर त्याच अंतराने रेघ उमटते.

बिघाड कापावरून ओळखता येतो. फळीवर लांब लाटा असतील तर ताण कमी आहे किंवा ट्रॉली फार वेगात ढकलली जातेय. खोबणीत भुसा मावत नाही आणि पट्टा बाजूला सरकतो. काप फक्त गाठीजवळ वाकतो आणि पुढे सरळ होतो, तर धार गेली आहे. सुरुवातीला सरळ, शेवटी जाड, असं सातत्याने होत असेल तर पट्ट्याला दोष देऊ नका, ट्रॉलीचे रूळ तपासा. पावसात शेडची जमीन एका बाजूला खचते. पट्टा चाकावर पुढेमागे हलत असेल तर चाकांवर चिकट थर बसलाय. ताज्या फणसाच्या सालीतला चीक इथे फार त्रास देतो. डिझेलमध्ये भिजवलेली चिंधी खालच्या चाकाला घासणाऱ्या पत्र्यावर बांधा आणि पट्ट्यावर थेंब थेंब डिझेल सोडा. हाताने पुसायला यंत्र थांबवूनच जा.

लाकूड कोणतं, वागवायचं कसं

सागवान सगळ्यात सोपा. दक्षिणेतल्या किंवा ब्रह्मदेशातल्या जंगली सागाचा गाभा मोठा आणि पांढरा भाग (सालीखालचं कोवळं लाकूड) पातळ असायचा. म्यानमारने 1 एप्रिल 2014 पासून गोल लाकडाची निर्यात बंद केली, तेव्हापासून बाजारात आफ्रिका आणि लॅटिन अमेरिकेतला लागवडीचा साग भरपूर येतो. घेर लहान, पांढरा भाग जास्त, गाठी जवळजवळ. 30 इंच घेराच्या अशा ओंडक्याचा भाव घनफुटाला कमी दिसतो, पण गाभ्याची चौकट काढायला गेलात तर उतारा खूप खाली येतो. भाव नेहमी गाभ्याच्या घनफुटावर काढून बघा.

फणस हे गोव्याचं घरगुती लाकूड. गाभा पिवळा, हवा लागली की हळूहळू तपकिरी होतो. दारं, खिडक्या, चौरंग सगळ्याला चालतो. पांढरा भाग किडीला लगेच बळी पडतो, तो बाहेरच ठेवा. फणसाच्या फांद्यांचे सांधे वेडेवाकडे असतात, तिथे फळी काढायचा हट्ट धरू नका. ती वाळताना पिळवटते.

आंबा स्वस्त आणि घाईचा. तोडल्यापासून दोन-तीन आठवडे पडून राहिला तर निळी-काळी बुरशी आत शिरते आणि किडा भुसा पाडायला लागतो. तोडा, आणा, कापा, त्याच आठवड्यात फळ्या बोरॅक्स-बोरिक ॲसिडच्या द्रावणात बुडवा. बोरॅक्स दीड भाग, बोरिक ॲसिड एक भाग हे प्रमाण, कारण दोन्ही एकत्र असली की पाण्यात जास्त विरघळतात. द्रावण ओल्या फळीतच आत जातं. वाळलेल्या फळीच्या फक्त पृष्ठभागावर बसतं. पावसात उघड्यावर राहणाऱ्या लाकडाला याचा उपयोग नाही, पाण्याने ते धुऊन जातं. रबराच्या लाकडालाही हाच उपचार, आणि तिथे घाई आंब्याहून जास्त.

माड हे लाकूड म्हणून वेगळंच प्रकरण आहे. त्याला गाभा नसतो. उलट बाहेरची दोन-तीन इंचांची कड लोखंडासारखी आणि मध्य भुसभुशीत. म्हणून माड सगळ्या बाजूंनी फिरवत कापायचा: चारी बाजूंच्या कडक फळ्या काढा, त्यातून वासे आणि रिपा, मधला मऊ चौकोन बाजूला ठेवा. तो भार पेलायला देऊ नका, कुणी कितीही मागितला तरी. साठ वर्षांवरचा माड घ्या, आणि खोडाचा वरचा तिसरा हिस्सा लाकूड म्हणून मोजूच नका. माडात सिलिका असते, साधा पट्टा लवकर बोथट होतो. रोज माड कापणार असाल तर दातांना स्टेलाइट (एक कडक मिश्रधातू) लावून घेतलेले पट्टे परवडतात, महिन्यातून दोनदा कापणार असाल तर नाही.

अकेशिया, म्हणजे रस्त्याकडेची ऑस्ट्रेलियन बाभूळ, कापताना अंगातला ताण सोडते. एका बाजूने चार फळ्या काढल्या की उरलेला ओंडका केळ्यासारखा वाकतो. एक फळी या बाजूची, मग ओंडका उलटा, एक त्या बाजूची, असं आलटून पालटून कापा आणि नेमका मध्य एका जाड तुकड्यात बंद ठेवा. वेळ जास्त लागतो, दर त्याप्रमाणे सांगा. माट्टी आणि किंदळ ही जंगली लाकडं जड, रेषा गुंतलेली. ट्रॉली हळू, पट्टा ताजा. एवढं पाळलं की बाकी काही विशेष नाही.

वाळवणी

गोव्याची हवा दमट आहे, हे सगळ्यांना माहीत असतं आणि तरी एप्रिलमध्ये कापलेलं लाकूड मे महिन्यात दारात बसतं. मग ऑगस्टमध्ये दार लागत नाही. इथे दारं-खिडक्यांचं लाकूड 14 ते 16 टक्के ओलाव्यावर आलेलं चांगलं. हातात धरायचा ओलावामापक सुताराकडे नसेल तर गिरणीत तरी हवा. एक इंच फळी ऑक्टोबरपासून सावलीत लावली तर दोन-तीन महिन्यांत तिथे पोचते. दोन इंचाला सहा महिने धरा, आणि मधे पावसाळा आला तर तो हिशेबातून सोडा, कारण जून ते सप्टेंबर लाकूड जवळपास वाळतच नाही.

थप्पी जमिनीपासून दीड फूट वर, चिऱ्यांवर. प्रत्येक थरात एक इंचाच्या कोरड्या पट्ट्या, दोन-दोन फुटांवर, वरच्या थरातल्या पट्ट्या खालच्या पट्ट्यांच्या बरोबर डोक्यावर. त्या इकडेतिकडे झाल्या की फळी त्यांच्यामध्ये लोंबते आणि तशीच वाळते. ओंडक्यांच्या आणि जाड तुकड्यांच्या तोंडांना पहिल्याच दिवशी रंग किंवा मेण लावा. जुने लोक शेण लावायचे, तेही काम करतं. थप्पीवर सगळ्यात वर वजन ठेवा, बाकी काही नसेल तर फाळकेच. पत्र्याचं छप्पर चारी बाजूंनी मोकळं असावं. ताडपत्रीत गुंडाळलेली थप्पी आतून घामेजते.

25 मिलिमीटरची रंधलेली कोरडी फळी हवी तर ओली 28-29 कापावी लागते. हे गिऱ्हाइकाला आधी सांगा, नाहीतर "एक इंच मागितली, पाऊण दिली" हे भांडण ठरलेलं.

पैशाचा हिशेब

पुढचे आकडे उदाहरणासाठी धरलेले आहेत. तुमच्या भागातले दर घालून तोच हिशेब पुन्हा करा.

36 इंची एक यंत्र, फक्त चिराईचं काम, म्हणजे गिऱ्हाइकाचे ओंडके कापून देणं. महिन्यात 24 दिवस, दिवसाला 100 घनफूट ओंडके, चिराई घनफुटाला 80 रुपये: एक लाख 92 हजार. खर्च: चार माणसांची मजुरी 78 हजार, वीज 13 हजार, भाडं 30 हजार, पट्टे-दगड-सोल्डर 10 हजार, डिझेल आणि किरकोळ दुरुस्ती 8 हजार. एकूण एक लाख 39 हजार. उरतात 53 हजार. आता बघा, यातला बहुतेक खर्च ओंडका आला काय, नाही आला काय, तेवढाच. दिवसाला सरासरी 72-73 घनफुटांच्या खाली गेलात की खिशातून. जून ते सप्टेंबर तोड थांबते, रस्ते खराब, वीज जाते. हे चार महिने 50 घनफुटांवर काढावे लागतील असं धरून आठ महिन्यांच्या कमाईतून बाजूला ठेवा. गणेशचवथीआधी घरांची डागडुजी आणि पाट-चौरंगांची कामं येतात, पण ती कोरड्या लाकडाची. ज्याच्याकडे नोव्हेंबरची थप्पी आहे त्याला मिळतात.

स्वतः ओंडके घेऊन माल विकायचा असेल तर गणित पार बदलतं. ओंडका पाव घेराच्या मापाने 2,000 रुपये घनफूट. उतारा 65 टक्के असेल तर कापीव घनफूट 3,077 रुपयांना पडतं. 70 असेल तर 2,857 ला. फरक 220 रुपये. 3,500 ला विकलं तर शंभर घनफूट ओंडक्यांवर पाच घनफूट जास्त माल, म्हणजे साडेसतरा हजार रुपये, म्हणजे ओंडक्याच्या प्रत्येक घनफुटामागे 175. सबंध चिराईचा दर 80 आहे. भाव पाडून घेण्यासाठी लिलावात डोकं फोडणारा व्यापारी पट्ट्याच्या धारेवर महिन्याला दोन हजार जास्त खर्च करायला तयार नसतो, तो हे गणित करत नाही म्हणून.

त्यामुळे धार लावणाऱ्याला रोजंदारीवर ठेवू नका. मिस्त्रीला घनफुटावर बक्षीस देत असाल तर तेही जपून: तो ट्रॉली ढकलेल, काप लहरेल. बक्षीस उताऱ्यावर ठेवा. प्रत्येक ओंडक्याला खडूने नंबर, आत गेलेलं माप आणि बाहेर आलेलं माप एकाच ओळीत. आठवड्याच्या शेवटी ती वही वाचली की कुठल्या दिवशी कुठला पट्टा होता हेसुद्धा कळतं. एका खराब दिवसावर रागावू नका, सलग तीन दिवस उतारा घसरला तर यंत्र थांबवून चाकांची सरळता तपासा.

फाळके आणि भुसा फुकट देऊ नका. फाळके पोदेरांच्या (पाववाल्यांच्या) भट्ट्यांना जातात, आणि मार्च ते मे या काजूच्या मोसमात फेणीच्या भट्ट्यांना. भुसा कोंबड्यांच्या शेडला चालतो, पण बोरॅक्समध्ये बुडवलेल्या किंवा रंगवलेल्या जुन्या लाकडाचा भुसा त्यात मिसळू देऊ नका. मोटरभोवती साचलेला बारीक कोरडा भुसा रोज झाडून काढा. गिरणीत आग बहुधा तिथूनच लागते. चाकांवरची जाळी काढून कापू देऊ नका. चिरेत अडकलेली ढलपी काढायची तर यंत्र बंद, चाक पूर्ण थांबलेलं, आणि मागच्या चिरेत लाकडाची पाचर. पाचर लोखंडी नको. पट्टा तिला लागला तर दात गोळीसारखे उडतात.